नाथसागरावर पक्षी मोजायला ८×४२ दुर्बीण

जानेवारीतील पाणपक्षी गणनेत स्वयंसेवक म्हणून उतरायचे ठरले की दुर्बीण किती पटीची घ्यावी, हा प्रश्न येतोच आणि दुकानदार बहुधा सर्वांत मोठा आकडा पुढे करतो. पैठणच्या जायकवाडी धरणाच्या नाथसागर जलाशयावर ८×४२ आणि १०×५० (पहिला आकडा किती पट मोठे दिसते तो, दुसरा पुढच्या भिंगाचा मिलिमीटरमधील व्यास) या दोन्ही वापरल्यानंतर मोजणीसाठी आठपटीची दुर्बीणच घ्यावी, असे माझे मत झाले आहे.

जायकवाडी पक्षी अभयारण्य १९८६ मध्ये जाहीर झाले असून त्याचे क्षेत्र सुमारे ३४१ चौरस किलोमीटर आहे. एवढ्या विस्तारासाठी जास्त पटीची दुर्बीण हवी, असे वाटणे स्वाभाविक आहे. परंतु मोजण्याजोगे पक्षी मुख्यतः काठालगतच्या उथळ पाण्यात आणि गाळपेऱ्याच्या (पाणी ओसरल्यावर उघड्या पडलेल्या, पेरणीच्या जमिनीच्या) कडेला असतात. तेथे प्रश्न अंतराचा नसून थव्याची सुरुवात आणि शेवट नजरेतून न सुटण्याचा असतो. वारकरी पक्ष्यांचा शेकड्यांचा थवा दहादहाच्या गटांनी मोजताना आठपटीत एका वेळी अधिक रुंद पट्टा दिसतो, हात कमी हलतो आणि तोच गट दोनदा मोजला जात नाही. ऊन चढल्यावर पाण्यावरची हवा थरथरू लागते, तेव्हा मोठी पट ती थरथरही मोठी करून दाखवते.

कायगाव टोक्याकडे कोवळ्या पिकात चरणाऱ्या पट्टकादंब हंसांच्या डोक्यावरील दोन काळे पट्टे आठपटीच्या दुर्बिणीतून स्वच्छ दिसले, आणि थापट्या बदकाची फावड्यासारखी चोचही ओळखता आली. दूरच्या रोहित पक्ष्यांची मात्र गुलाबी रेषाच दिसते. त्यांच्यासाठी गटात एक स्पॉटिंग स्कोप (एका डोळ्याने पाहायची, बऱ्याच जास्त पटीची दुर्बीण) आणि भक्कम ट्रायपॉड हवाच, आणि तो वर्गणीतून घेणे परवडते.

तक्रारीही आहेत. सोबत मिळणारा पट्टा इतका अरुंद आहे की मान दुखते. मी तो लगेच बदलला. डोळ्यांवरील रबरी कप पहिल्याच हंगामात सैल झाले आणि वॉरंटीचे कार्ड दाखवूनही विक्रेत्याने, ज्याचे नाव येथे नको, ते बदलून दिले नाहीत. चष्मा असेल तर आय रिलीफ (पूर्ण दृश्य दिसेल असे डोळा आणि भिंग यांतील अंतर) किमान १५ मिलिमीटर आहे का, हे दुकानातच विचारावे, नाहीतर दृश्याची कडा कापली जाते. नायट्रोजन भरलेली, पाणीरोधक दुर्बीण घेण्यासाठी थोडे जास्त पैसे मोजावेत, कारण पहाटेच्या दवात आतून वाफ धरलेल्या भिंगातून काहीच दिसत नाही.

घेतल्यावर आधी उजवा डोळा झाकून मधल्या चाकाने डाव्या डोळ्यासाठी फोकस करावा, मग डावा झाकून उजव्या भिंगावरील कडे फिरवावे. गणनेला आलेले कित्येक जण हे न करताच दुर्बीण अस्पष्ट असल्याचे सांगतात.