जिया झांगके: आधी 'प्लॅटफॉर्म' की 'स्टिल लाइफ'?

चिनी दिग्दर्शक जिया झांगकेचा पहिला सिनेमा कुठला बघावा? आमचं मत 'स्टिल लाइफ'. 'प्लॅटफॉर्म' त्याहून मोठं काम आहे, पण पहिल्याच बैठकीत ते हाती लागत नाही.

'प्लॅटफॉर्म' (२०००) अडीच तासांहून लांब आहे. शान्शी प्रांतातलं फेनयांग हे जियाचं स्वतःचं गाव. तिथल्या सरकारी कलापथकाची १९७९ पासूनची दहाएक वर्षं यात येतात. काळ ओळखायचा तो कपड्यांवरून आणि गाण्यांवरून: आधी माओच्या गावी निघालेल्या आगगाडीचं प्रचारनाट्य, मग बेलबॉटम, कुरळे केलेले केस, तेरेसा तेंगची गाणी. शेवटी तेच पथक खासगी होऊन रॉक आणि ब्रेकडान्सचे कार्यक्रम करत हिंडतं. कॅमेरा लांब, क्लोजअप जवळजवळ नाहीतच. त्यामुळे मोबाइलवर पथकातला मिंगल्यांग कोण आणि झांग जुन कोण, इथेच घोळ होतो. मोठा पडदा नसेल तर थांबा.

'स्टिल लाइफ' (२००६) पावणेदोन तासांत आटोपतो आणि धागा पहिल्याच मिनिटापासून हातात देतो. शान्शीतला खाणकामगार सानमिंग सोळा वर्षांनी बायकोला शोधत यांगत्से नदीकाठच्या फेंगजिए शहरात येतो. मोटारसायकलवाला त्याला दिलेल्या पत्त्यावर नेतो, तर तिथे नुसतं पाणी. थ्री गॉर्जेस धरणात ती गल्लीच बुडालेली. मग तो घरं पाडणाऱ्या मजुरांत घण घेऊन उभा राहतो. इमारतींवर पुढच्या पाणीपातळीची खूण रंगवलेली, १५६.५ मीटर. दहा युआनच्या नोटेवर छापलेली दरी तो खऱ्या दरीसमोर धरून बघतो. संवादाशिवाय एवढं बोलणारं दृश्य जियानेही फार वेळा साधलेलं नाही. व्हेनिस महोत्सवाचा सुवर्णसिंह याच सिनेमाला मिळाला. मध्येच एक इमारत रॉकेटसारखी उडून जाते, तेव्हा दचकू नका. ते मुद्दाम आहे.

वेग हवा असेल तर 'अ टच ऑफ सिन' (२०१३): खऱ्या घटनांवरून घेतलेल्या चार गोष्टी, कान महोत्सवात पटकथेचं पारितोषिक. पण रक्तपात भरपूर आहे, आणि हाच जिया समजून पुढे गेलात तर बाकीचे सिनेमे संथ वाटतील.

'कॉट बाय द टाइड्स' (२०२४) मात्र शेवटी ठेवा. वीसेक वर्षांत जमलेल्या चित्रीकरणातून तो उभा केला आहे. झाओ ताओ आणि ली झुबिन हे त्यातले कलाकार 'स्टिल लाइफ'च्या फेंगजिएत आधी पाहिलेले असतील, तरच त्यांच्या चेहऱ्यांवरची ती वर्षं दिसतात.