जिनिंगच्या काट्यावरचं विंडोज वर्कफ्लो

कापसाच्या हंगामात जिनिंगच्या गेटवर गाड्यांची रांग असते आणि काट्याच्या खोलीतला कॉम्प्युटर पडद्यावर इंग्रजी खिडकी उघडून बसतो. खिडकीत 'वर्कफ्लो' किंवा 'ॲक्टिव्हिटीज' नावाच्या कुठल्याशा डीएलएल फाइलची (प्रोग्रामला लागणाऱ्या तयार कोडच्या फाइलची) तक्रार असते. मग कोणी तरी मोबाइलवर त्या फाइलचं नाव टाकून 'फ्री डाउनलोड' शोधतं, आणि खरी अडचण तिथून सुरू होते. विदर्भातल्या तालुक्यांच्या गावी जिनिंग, डाळ मिल आणि गोदामांमध्ये चालणाऱ्या बऱ्याच जुन्या सॉफ्टवेअरच्या पोटात ह्या फाइली असू शकतात, म्हणून त्यांचा हा परखड आढावा.

वस्तू म्हणजे मायक्रोसॉफ्टचं विंडोज वर्कफ्लो फाउंडेशन. वेगळी किंमत नाही, विंडोजसोबतच येतं. त्याच्या दोन पिढ्या आहेत आणि त्या एकमेकींच्या बहिणी वाटल्या तरी आतून निराळ्या आहेत. पहिली २००६ साली डॉट नेट (विंडोजवरचे प्रोग्राम ज्या पायावर चालतात तो मायक्रोसॉफ्टचा संच) ३.० बरोबर आली. तिच्या फाइली सिस्टम.वर्कफ्लो.रनटाइम, सिस्टम.वर्कफ्लो.ॲक्टिव्हिटीज आणि सिस्टम.वर्कफ्लो.कंपोनंटमॉडेल. दुसरी २०१० साली डॉट नेट ४ बरोबर, जवळजवळ नव्याने लिहिलेली. तिची मुख्य फाइल सिस्टम.ॲक्टिव्हिटीज.डीएलएल. २०१२ च्या डॉट नेट ४.५ पासून मायक्रोसॉफ्टने पहिल्या पिढीवर 'कालबाह्य' असा शिक्का मारला, पण जुने प्रोग्राम चालावेत म्हणून ती काढून टाकली नाही.

ही लायब्ररी, म्हणजे प्रोग्रामरना आयता मिळणारा हा कोडचा संच, स्वतः वजन करत नाही की बिल काढत नाही. तिचं काम एकच: कुठलं काम कुठल्या पायरीवर थांबलंय ते ध्यानात ठेवणं. गाडी गेटवर आली, टोकन निघालं, भरलेलं वजन झालं, ओलावा मोजला, ग्रेडरने भाव लावला, गाडी खाली झाली, रिकामं वजन झालं, काटापट्टी निघाली. हमीभावाच्या खरेदीत ओलावा १२ टक्क्यांच्या वर भरला तर गाडी पुढे जात नाही, तेव्हा तिथे एक फाटा. भरलेलं वजन आणि रिकामं वजन ह्यांच्यात कधी अर्धा तास जातो, कधी गाडी रात्रभर आवारात उभी राहते. तेवढा वेळ ते काम 'जागा धरून' थांबतं. ह्या लायब्ररीच्या दुसऱ्या पिढीच्या भाषेत त्या थांब्याला बुकमार्क म्हणतात. मग लायब्ररी त्या गाडीचा सगळा हिशेब मेमरीतून काढून एसक्यूएल सर्व्हरच्या (मायक्रोसॉफ्टच्या डेटाबेसच्या) टेबलात ठेवते आणि रिकामी गाडी काट्यावर चढली की उचलून पुढे चालवते.

ज्या भागात दिवसातून दोनदा लाइन जाते तिथे हा गुण सोन्यासारखा. पण तो आपोआप मिळत नाही. प्रोग्राम लिहिणाऱ्याने 'इन्स्टन्स स्टोअर' जोडलेलं असेल तरच हिशेब डिस्कवर उतरतो. नसेल तर सगळं मेमरीतच, आणि लाइन गेली की रांगेतल्या सगळ्या गाड्यांची भरलेली वजनं गेली. मग "लाइन गेली बाप्पा, आता गाडी पुन्हा काट्यावर घ्या" हे ऐकावं लागतं, आणि अर्धी खाली झालेली गाडी पुन्हा काट्यावर घेऊन उपयोग काय? सॉफ्टवेअर घेताना तपासायची पहिली गोष्ट हीच. एका गाडीचं भरलेलं वजन घ्या, कॉम्प्युटरची पिन सरळ काढा, पुन्हा चालू करा, आणि ती गाडी यादीत दिसते का बघा. ही परीक्षा विकत घेण्याआधी करायची, विक्रेत्याच्या समोर.

परीक्षा पास झाली तरी एक खोच राहते. लाइन गेली तेव्हा त्या गाडीच्या नोंदीवर चालू प्रोग्रामचं कुलूप असतं. कॉम्प्युटर परत सुरू झाला की नवा प्रोग्राम ती नोंद मागतो, पण जुनं कुलूप मुदत संपेपर्यंत सुटत नाही. कुलूप ताजं करण्याचा मूळ ठरलेला अवधी ३० सेकंद आहे. त्यामुळे सुरू झाल्यावर पहिलं मिनिटभर 'इन्स्टन्स लॉक्ड' असा संदेश येऊ शकतो. घाईतला ऑपरेटर तेवढ्यात त्याच गाडीची नवी नोंद करून मोकळा होतो, आणि संध्याकाळी एका गाडीच्या दोन काटापट्ट्या निघतात. उपाय दोन. ऑपरेटरला सांगून ठेवा की चालू केल्यावर दोन मिनिटं हात लावू नका. आणि विक्रेत्याला सांगा की कुलूप दिसलं की पुन्हा प्रयत्न करण्याची सेटिंग 'बेसिक रिट्राय' वर ठेवा. मूळ सेटिंग 'नो रिट्राय' असते, म्हणजे एकदा नकार मिळाला की प्रोग्राम हात वर करतो.

ह्याच कुलपाचा एक चमत्कारिक प्रकार आहे. मदरबोर्डवरचा सीआर २०३२ सेल संपलेला असेल तर लाइन गेल्यावर कॉम्प्युटरचं घड्याळ कित्येक वर्षं मागे जातं. कुलपाची मुदत तारखेने लिहिलेली, ती आता भविष्यातली झाली. मग कितीही थांबा, कुलूप सुटत नाही, आणि 'दोन तासांनी आठवण करून दे' अशा पायऱ्याही वाजत नाहीत. सॉफ्टवेअर बिघडलं म्हणून इंजिनिअरला शहरातून बोलावण्याआधी कोपऱ्यातली तारीख वाचा. सेल बदला, तारीख नीट करा, एसक्यूएलची सेवा आणि प्रोग्राम दोन्ही पुन्हा सुरू करा.

काट्याचं इंडिकेटर सिरियल केबलने कॉम्प्युटरला जोडलेलं असतं, आणि तिथेही काही प्रोग्रामर चुकतात. ते त्या केबलच्या पोर्टची जोडणी वर्कफ्लोच्या चलात (माहिती धरून ठेवणाऱ्या कप्प्यात) साठवतात. हिशेब डिस्कवर उतरवताना लायब्ररीला ती जोडणी लिहून ठेवता येत नाही (उघडा पोर्ट कागदावर कसा उतरणार?) आणि साठवणं तिथेच फसतं. खूण सोपी: टेबलावर सराव करताना सगळं चालतं, खरा काटा जोडला की पहिल्याच थांब्यावर काम कोसळतं. पायरीच्या आत पोर्ट उघडायचा, आकडा घ्यायचा, बंद करायचा, आणि फक्त आकडा पुढे न्यायचा.

आता त्या खिडकीकडे. ती दोन तऱ्हेची असते आणि दोन्हींचं औषध वेगळं. 'ह्या ॲपला डॉट नेट फ्रेमवर्क ३.५ लागतं' अशा अर्थाची खिडकी आली तर काही बिघडलेलं नाही. विंडोज ७ मध्ये ३.५ चालू स्थितीतच यायचं. विंडोज १० मध्ये आणि ११ च्या २५एच२ पर्यंतच्या आवृत्त्यांत ते बंद असतं आणि मागवावं लागतं. म्हणून जुना कॉम्प्युटर बदलला की कालपर्यंत चालणारं सॉफ्टवेअर नव्यावर अडतं. खिडकीतलं डाउनलोडचं बटण इंटरनेट धड असेल तर काम करतं. टॉवरची रेंज येऊन-जाऊन असेल तर ०एक्स८००एफ०९०६ असा आकडा दाखवून थांबतं.

त्याला बिनइंटरनेटचा रस्ता आहे. विंडोजच्या आयएसओमध्ये (विंडोज टाकायची पूर्ण डिस्क एका फाइलीत) 'सोर्सेस' फोल्डर, त्यात 'एसएक्सएस'. तेवढंच फोल्डर पेनड्राइव्हवर घ्या. पूर्ण आयएसओ ४ जीबीच्या वर जात असल्याने एफएटी ३२ च्या पेनड्राइव्हवर ती मावतच नाही, आणि गरजही नाही; कामाची कॅब फाइल साधारण ७० एमबीची आहे. कमांड प्रॉम्प्ट 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर' ने उघडून टाइप करायचं (सगळं इंग्रजीत): डिस्म (dism, विंडोजचे भाग चालू आणि दुरुस्त करणारी कमांड), मग स्लॅश ऑनलाइन, स्लॅश एनेबल-फीचर, स्लॅश फीचरनेम कोलन नेटएफएक्स३ (netfx3), स्लॅश ऑल, स्लॅश लिमिटॲक्सेस, स्लॅश सोर्स कोलन आणि पेनड्राइव्हवरच्या त्या फोल्डरचा पत्ता. प्रत्येक स्लॅशच्या आधी एक जागा, कोलनच्या मागेपुढे जागा नाही. ०एक्स८००एफ०८१एफ आला तर बहुतेक वेळा पत्ता चुकलेला असतो किंवा आयएसओ दुसऱ्या आवृत्तीची असते. 'विनव्हर' चालवून आपली आवृत्ती बघा आणि तीच आयएसओ आणा. २२एच२ च्या मशीनला २१एच२ ची चालेल असं धरू नका.

दुसरी खिडकी 'कुड नॉट लोड फाइल ऑर असेंब्ली'. घाबरून बंद करू नका, मोबाइलवर फोटो काढा आणि फाइलचं नाव शांतपणे वाचा. पुष्कळदा ती मायक्रोसॉफ्टची फाइल नसतेच, विक्रेत्याची स्वतःची असते आणि अँटिव्हायरसने तिला क्वारंटाइनमध्ये टाकलेलं असतं. नाव सिस्टम.ॲक्टिव्हिटीज असेल आणि व्हर्जन ४.०.०.० असेल तर विंडोजचा स्वतःचा भाग दुखावलाय. आधी डिस्म स्लॅश ऑनलाइन स्लॅश क्लीनअप-इमेज स्लॅश रिस्टोअरहेल्थ, ते पूर्ण झाल्यावर एसएफसी (विंडोजच्या फाइली तपासणारी कमांड) स्लॅश स्कॅननाऊ, मग रीस्टार्ट. क्रम उलटा करू नका, कारण एसएफसी ज्या कोठारातून चांगली फाइल काढतं ते कोठार आधी डिस्म दुरुस्त करतं. टक्का बराच वेळ एका जागी थांबतो, तेव्हा मध्येच बंद करू नका आणि यूपीएस चार्ज असल्याशिवाय सुरू करू नका.

डीएलएल वाटणाऱ्या वेबसाइटींना मात्र शून्य. त्यांच्यातल्या फाइलीत काही मिसळलेलं असू शकतं हे एक, पण ती चोख निघाली तरी उपयोग होत नाही. डॉट नेट ही फाइल नाव, व्हर्जन आणि सहीचा टोकन जुळवून आपल्या खास कोठारातून उचलतं. विंडोजच्या सिस्टम ३२ फोल्डरमध्ये नेऊन टाकली तर तिकडे ते बघतही नाही, आणि 'रेगएसव्हीआर३२' ही डीएलएल नोंदवायची कमांड चालवली तर एंट्री पॉइंट नाही असं उत्तर येतं, कारण ह्या जातीच्या फाइलीला तो नसतोच.

तसंच 'लाइट' विंडोजचं. ४ जीबी रॅमच्या मशीनवर पळावं म्हणून बाजारात कापून-छाटून विंडोज टाकून देतात. त्यात दुरुस्तीचं कोठारच उडवलेलं असेल तर डिस्मही काही करू शकत नाही. मूळ विंडोज नव्याने टाकणं एवढंच हाती राहतं, आणि ते हंगामाआधी करावं. कापसाची धूळ, पत्र्याखालची खोली आणि झटक्याने जाणारी वीज ह्यात हार्डडिस्कवरच्या फाइली खराब होणं ठरलेलंच आहे. एसएसडी आणि ६०० व्हीएचा यूपीएस हा ह्या लायब्ररीसाठी सगळ्यात उपयोगाचा खर्च. अपडेटनंतर मशीन काही वेळ रेंगाळतं, पंखा जोरात फिरतो. डॉट नेट आपल्या फाइली नव्याने तयार करत असतं, त्याला करू द्या.

हिशेब साठवायला एसक्यूएल सर्व्हर एक्सप्रेस फुकट मिळतो. २००८ आर२ ते २०२२ ह्या आवृत्त्यांत एका डेटाबेसला १० जीबीची मर्यादा. पूर्ण झालेली कामं टेबलातून काढून टाकायची अशीच लायब्ररीची मूळ सेटिंग आहे. विक्रेत्याने ती बदलून 'डिलीट नथिंग' केली असेल तर दोन-तीन हंगामांनी यादी उघडायलाच वेळ लागतो. जुन्या काटापट्ट्या वेगळ्या टेबलात राहायला हव्यात, वर्कफ्लोच्या टेबलात नाही.

नवं सॉफ्टवेअर कोणी ह्या पायावर उभारून देत असेल तर नको म्हणा. नव्या डॉट नेटमध्ये, म्हणजे कोअर आणि ५ पासून पुढे, मायक्रोसॉफ्टने ही लायब्ररी घेतलीच नाही. कोअरडब्ल्यूएफ नावाचा मुक्त स्रोत अवतार आहे, पण तो विंडोजसोबत येत नाही. चालू असलेलं फेकायचीही घाई नाही. डॉट नेट ४.८ विंडोजच्या सोबत जगणार आहे. ३.५ ला मात्र मायक्रोसॉफ्टची साथ ९ जानेवारी २०२९ पर्यंतच, म्हणजे २०२८ चा कापूस काट्यावर चढत असतानाच ती संपते. विक्रेत्याला आजच विचारा की तुमचा प्रोग्राम सिस्टम.वर्कफ्लोवर आहे की सिस्टम.ॲक्टिव्हिटीजवर. उत्तर पहिलं असेल तर बदलाची तारीख लिहून घ्या, आणि ती उन्हाळ्यातली घ्या, रेचे (सरकी काढणारी यंत्रं) बंद असतानाची.