लाळेची नळी, चौसष्ट पानं आणि आईचा कागद

गेल्या दिवाळीत बाबांची अँजिओप्लास्टी झाली, एक स्टेंट बसला. ते घरी आल्यावर घाबरून जे जे केलं त्यात माझी ही जनुकीय चाचणीही होती. कंपनीचं नाव देत नाही. सवलतीत साडेनऊ हजार पडले. आठ महिने झालेत, म्हणून आता लिहितेय.

खोक्यात प्लास्टिकची एक नळी येते. आधी अर्धा तास काही खायचं-प्यायचं नाही, मग रेषेपर्यंत लाळ भरायची. वाटतं तितकं सोपं नाही. सकाळी चहाआधी बसले तर वीस मिनिटं लागली, कारण फेस मोजत नाहीत. शेवटी चिंच डोळ्यांसमोर आणली तेव्हा कुठे रेष गाठली. तरी पहिला नमुना 'अपुरा' म्हणून बाद. दुसरं खोकं फुकट आलं, पण महिना गेला.

अहवाल चौसष्ट पानी. त्यातली पन्नासेक पानं एखाद्या ज्योतिषानेही लिहिली असती: 'गोडाची ओढ असू शकते', 'सकाळचा व्यायाम मानवेल'. मधुमेहाचा धोका म्हणे 'सरासरीपेक्षा किंचित जास्त'. आमच्याकडे लग्नाच्या पंगतीतही गोळ्यांचे डबे निघतात, हे कळायला लाळ कशाला हवी? शिवाय असे अंदाज ज्या अभ्यासांवर बेततात त्यांतले बहुतेक लोक युरोपीय वंशाचे. जीनोमइंडिया या सरकारी प्रकल्पातली आपल्याकडच्या दहा हजार लोकांची जनुकीय माहिती संशोधकांना खुली झाली ती जानेवारी २०२५ मध्ये. वंशाची टक्केवारी तर तीन महिन्यांत 'अपडेट' होऊन बदलली. पूर्वज तेच, आकडे नवे.

पैसे वसूल झाले ते औषधांच्या चार पानांत. स्टेंटनंतर देतात ती क्लोपिडोग्रेल गिळल्या गिळल्या काम करत नाही. यकृतातलं सीवायपी२सी१९ हे एन्झाइम तिला कामाचं रूप देतं. ते बनवणाऱ्या जनुकाच्या दोन प्रती असतात, एक आईकडून, एक वडिलांकडून. दोन्ही बिघडलेल्या असतील तर गोळी नेमाने घेऊनही रक्ताची गुठळी होण्याची भीती राहते. अमेरिकेच्या एफडीएने, म्हणजे तिथल्या औषध नियामकाने, २०१० मध्ये या औषधाच्या माहितीपत्रकात चौकटीतला इशारा घालायला लावला. माझी एक प्रत बिघडलेली निघाली आणि पोटात गोळाच आला. ही गोळी बाबा घेतात ना!

डॉक्टरांनी अहवाल चाळला. म्हणाले, "हा तुमचा आहे, त्यांचा नाही. त्यांचं रक्त पाठवू." बाबांच्या दोन्ही प्रती ठणठणीत. गोळी तीच राहिली. मग आईचंही रक्त पाठवलं आणि बिघाड तिथे सापडला. आई म्हणाली, "झालं, हेही माझ्याच माथी." तिला आज ही गोळी लागत नाही, पण उद्या लागली तर डॉक्टरांना आधीच ठाऊक असेल. आणि हो, लॅबमधली ही एका जनुकाची चाचणी माणशी निम्म्या पैशात झाली. तेवढंच हवं असेल तर खोकं मागवू नका, डॉक्टरांना विचारा.

खातं उघडताना 'संशोधनासाठी माहिती वापरावी' या चौकोनावर मी न वाचता टिक केली होती. या धंद्यातला मोठा पैसा तिथे आहे. २०१८ मध्ये जीएसके या औषध कंपनीने ट्वेंटीथ्री-अँड-मी या अशाच लाळेच्या चाचण्या विकणाऱ्या अमेरिकी कंपनीत ३० कोटी डॉलर घातले, ते ग्राहकांच्या जनुकांतून नव्या औषधांचा माग काढायला. त्यातून काही चांगलं निघत नाही असं नाही. पीसीएसके९ जनुक काहींच्यात जन्मतः लुळं असतं, त्यांचं कोलेस्टेरॉल कमी राहतं आणि हृदयविकारही कमी होतो, हे डॅलसच्या संशोधकांना दिसलं. २०१५ मध्ये त्याच वाटेने कोलेस्टेरॉल उतरवणारी दोन इंजेक्शनं मंजूर झाली. बाबांचं एलडीएल, म्हणजे वाईट कोलेस्टेरॉल, असंच अडून बसलं तर त्यातलं एक द्यावं लागेल, असं डॉक्टर म्हणतात. म्हणून टिक काढताना हात जरा अडखळला.

पण ट्वेंटीथ्री-अँड-मीच्याच सुमारे ६९ लाख ग्राहकांची माहिती २०२३ मध्ये चोरांच्या हाती लागली आणि मार्च २०२५ मध्ये कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला. माझ्या नळीत आईबाबांचाही वाटा होता, आणि त्यांना मी विचारलंच नव्हतं. टिक काढली. नमुना नष्ट करा म्हणून तीन मेल केले. सव्विसाव्या दिवशी एका ओळीचं उत्तर आलं. केसगळतीच्या पॅकेजच्या जाहिराती मात्र अजून रोज येतात.

आईने आपला कागद लॅमिनेट करून पर्समध्ये आधारच्या झेरॉक्समागे ठेवलाय. परवा दाताच्या डॉक्टरांनाही दाखवला. त्यांनी तो नीट वाचला, परत दिला आणि दाढ काढली.