यान गार्बारेकचा 'आफ्रिक पेपरबर्ड' : काही महिने ऐकल्यानंतर

'मेकिंग म्युझिक' या अल्बममध्ये झाकीर हुसेन आणि हरिप्रसाद चौरसियांच्या जोडीला जो शांत, लांबून साद घालणारा सॅक्सोफोन आहे, तो मनात धरून ही सीडी घेणार असाल तर थांबा. तोच जॅझ सॅक्सोफोनवादक गार्बारेक आहे, पण १९७० सालचा, तेवीस वर्षांचा, आणि कुणाचीच भीडभाड न ठेवणारा. पहिल्या चार-पाच वेळा ही तबकडी अंगावर येते.

सोबत गिटारवर तेर्ये रिपदाल, बासवर आरिल्ड आन्डर्सन, ड्रम्सवर यून क्रिस्टेन्सन. सगळे नॉर्वेचे, सगळे तिशीच्या आतले. ध्वनिमुद्रण सप्टेंबरात ऑस्लोच्या बेंडिक्सन स्टुडिओत झालं. निर्माता मानफ्रेड आयखर; त्याची ईसीएम ही रेकॉर्ड कंपनी म्युनिकमध्ये आदल्याच वर्षी सुरू झाली होती.

सुरुवातीला मी यातला 'ब्लो अवे झोन' हा तुकडा सरळ पुढे ढकलायचो. सॅक्सोफोन किंचाळतो, गिटार खरवडते, घरातले दार लावून घेतात. ते अजूनही लावतात. पण आता मी तो पूर्ण ऐकतो, कारण त्या गदारोळाखाली क्रिस्टेन्सन काय करतोय याकडे कान जातो. तो ठेका धरून बसत नाही. झांजांवर बारीक बारीक काम करत राहतो आणि तरीही बाकीच्यांना सुटू देत नाही. हेडफोनवर झांजेचा नाद विरेपर्यंत ऐकू येतो. त्याचं श्रेय ध्वनिमुद्रक यान एरिक कोंग्सहाऊगचं. पुढे ईसीएमच्या ढिगाने तबकड्या याच माणसाने ऑस्लोत रेकॉर्ड केल्या. मोबाईलच्या स्पीकरवर मात्र यातलं काही म्हणजे काहीच कळत नाही, नुसता गोंगाट.

सगळ्यात जास्त वाजला तो 'बीस्ट ऑफ कोमोडो'. बारा मिनिटांहून मोठा आहे, पण आन्डर्सनची बासवरची आवर्तनं एकदा पकडली की वेळ कसा जातो समजत नाही. आपल्याकडे लेहरा (तबल्याच्या साथीला फिरत राहणारी धून) ऐकायची सवय असलेल्याला हे जमायला जड जाऊ नये. गार्बारेक इथे सुरांपेक्षा श्वासाशी, गुरगुरण्याशी जास्त खेळतो. 'स्काराबे'ची हळूहळू तापत जाणारी सुरुवातही तशीच मुरत जाते.

छोटे तुकडे मला अजून पटलेले नाहीत. 'कॉन्सेन्टस' तर मिनिटभरही नाही. कान लावेपर्यंत संपतो. 'ब्लुप' गंमत म्हणून ठीक. रिपदालच्या चाहत्यांनीही फार आशा ठेवू नये. त्याची ती लांबच लांब ताणलेली गिटार पुढच्या काळातली. इथे तो बऱ्याचदा रंग भरण्यापुरता आहे.

गार्बारेकचा गायकांसोबतचा शांत अल्बम 'ऑफिशियम' आवडतो म्हणून घेणाऱ्यांनी आधी 'ब्लो अवे झोन' कुठेतरी ऐकून बघावा, मगच पैसे घालावेत. मी आता त्याच्या १९७१च्या 'सार्ट' या अल्बमकडे वळलोय. हीच चौकडी, जोडीला पियानोवर बोबो स्टेन्सन, आणि त्याच्या येण्याने मैफलीत बरीच हवा खेळायला लागली आहे.