किल्लारीतलं चहा-नाष्ट्याचं हॉटेल: सुशीला (फोडणीचे मुरमुरे) एक नंबर, चहा लई गोड

30 सप्टेंबरला मामासोबत किल्लारीला गेलतो, भूकंपाच्या स्मृतिस्तंभावर फुलं वाहून येताना रोडवरच्या एका हॉटेलात बसलो. सुशीला गरमागरम, शेंगदाणे भरपूर, सोबत तळलेली मिरची, नादच नाही. चहा मात्र नुसता पाक. शेजारच्या टेबलावरचे म्हातारे सांगायले होते, 1993 ला गणपती विसर्जन करून लोकं दमून झोपलेली अन पहाटे 3:56 ला दगडमातीच्या जाड भिंती अंगावर आल्या, कालच झाल्यासारखं सांगत होते. मामा काहीच बोलला नाही, अजून एक चहा सांगितला तेवढंच. मालकानं पैसे घेतलेच नाहीत, म्हणला आज नाही मामा. गाडी लावायला जागा नाही. 4 स्टार, एक चहामुळं कापला.