डीएलएल ओळखायला प्रोसेस एक्सप्लोरर: उन्हाळ्यापासून वापरतोय, त्याचा अनुभव

डीएलएल म्हणजे प्रोग्रामला चालताना लागणारी कोडची फाईल. तिच्या नावावर विश्वास ठेवायचा नाही, हे एकदा ठरवलं की प्रोसेस एक्सप्लोरर या टूलची खरी किंमत कळते. नागपुरात सीताबर्डीत कॉम्प्युटर दुरुस्तीचं काम करताना उन्हाळ्यापासून ते माझ्या पेनड्राइव्हमध्ये आहे. सिसइंटर्नल्स नावाच्या टूलसंचातलं आहे, फुकट आहे, इन्स्टॉल करावं लागत नाही. सिसइंटर्नल्स २००६ पासून मायक्रोसॉफ्टकडेच असल्याने गिऱ्हाइकाच्या मशीनवर चालवताना धाकधूक नसते.

अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणूनच उघडा, नाहीतर सिस्टमच्या प्रोसेसची (म्हणजे चालू असलेल्या प्रोग्रामची) यादी नीट दिसत नाही. वर प्रोसेस निवडून कंट्रोल-डी दाबलं की खाली तिने मेमरीत घेतलेल्या सगळ्या डीएलएल येतात. कंपनीचं नावही दिसतं, पण ते फाईल बनवणारा वाट्टेल ते लिहू शकतो. म्हणून मी आधी व्हेरिफाइड सायनरचा कॉलम लावतो आणि ऑप्शन्समधून सही तपासणी सुरू करतो. सही म्हणजे फाईल खरंच कोणाची ते सांगणारी डिजिटल सही. विंडोजच्या घरच्या फाईलींवर सही 'मायक्रोसॉफ्ट विंडोज' अशी येते, तर व्हीसीरनटाइम१४० सारख्या वेगळ्या बसवाव्या लागणाऱ्या फाईलींवर 'मायक्रोसॉफ्ट कॉर्पोरेशन' किंवा मायक्रोसॉफ्टचंच दुसरं एखादं नाव. एवढ्या फरकावर निम्मी वर्गवारी होऊन जाते. फाईलच्या प्रॉपर्टीजमध्ये विंडोजच्या कित्येक डीएलएलला सहीचा टॅबच दिसत नाही, कारण त्यांची सही वेगळ्या कॅटलॉग फाईलमध्ये असते. हे टूल ती तिथून शोधून काढतं.

सही नाही म्हणजे व्हायरस, असं मात्र नाही. इतवारीतल्या दुकानांत चालणारी हिशेबाची जुनी सॉफ्टवेअर बिनसहीचीच असतात. तिथे पाथ, म्हणजे फाईल कुठल्या फोल्डरात आहे ते, बघायचा. प्रोग्राम फाइल्समध्ये आपल्या सॉफ्टवेअरशेजारी बसलेली फाईल एक, आणि टेम्प या तात्पुरत्या फाईलींच्या फोल्डरातून चढलेली बिनसहीची फाईल वेगळी. दुसरी दिसली की मी बाकी सगळं बाजूला ठेवतो.

सगळ्यात जास्त कामी आलं ते महालातल्या एका डीटीपीवाल्याकडे. त्याची तक्रार: "भाऊ, पेजमेकरमध्ये मराठी येऊन राहिली, नवीन सॉफ्टवेअरमध्ये काहून नाही येत?" दोघा-तिघांनी फॉन्ट बदलून दिले होते. मी कंट्रोल-एफ करून टायपिंग सॉफ्टवेअरच्या डीएलएलचं नाव शोधलं. पेजमेकरसकट बऱ्याच प्रोसेसमध्ये ती सापडली, नव्या सॉफ्टवेअरमध्ये नाही. वरच्या यादीत ३२-बिट की ६४-बिट हा कॉलम लावला आणि भानगड उघडी पडली: जिथे जिथे ती डीएलएल होती, ती प्रत्येक प्रोसेस ३२-बिट. अशी सॉफ्टवेअर कीबोर्ड पकडायला हुक लावून (म्हणजे दाबलेली बटणं मधेच अडवून) आपली डीएलएल दुसऱ्या प्रोसेसमध्ये घुसवतात, आणि ३२-बिट डीएलएल ६४-बिट प्रोसेसमध्ये शिरूच शकत नाही. फॉन्टचा काही संबंधच नव्हता. टायपिंग सॉफ्टवेअरची ६४-बिट चालणारी आवृत्ती घेतल्यावर काम झालं.

याच ३२-६४ च्या घोळातून 0xc000007b हा एरर घेऊन लोक येतात. कुठल्यातरी साइटवरून सुटी डीएलएल उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकलेली असते. ६४-बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ फोल्डरात ६४-बिट फाईली असतात आणि ३२-बिट फाईली सिसवॉव६४ मध्ये. कोणाच्या डोक्यातून निघालं बाप्पा, पण आहे ते असं आहे. सुटी फाईल शोधत बसण्यापेक्षा अशा फाईलींचा मायक्रोसॉफ्टचाच संच, व्हिज्युअल सी++ रिडिस्ट्रिब्युटेबल, टाका, ३२ आणि ६४-बिट दोन्ही.

आता खटकणाऱ्या गोष्टी. सही तपासणी चालू केली की जुन्या मशीनवर यादी भरायला वेळ लागतो, नेट नसलं तर आणखीच. अँटीव्हायरससारख्या संरक्षित प्रोसेसच्या डीएलएल अ‍ॅडमिनिस्ट्रेटरलाही दाखवत नाही. व्हायरसटोटल या व्हायरस तपासणाऱ्या साइटवर फाईल पडताळायची सोय छान आहे, कारण एरवी फक्त हॅश (फाईलचा ठसा म्हणावा असा आकडा) जातो. पण अनोळखी फाईली सबमिट करण्याचा पर्याय चालू केला तर अख्खी फाईल बाहेर जाते. सीए किंवा वकिलाच्या मशीनवर तो पर्याय मी बंदच ठेवतो.

मुख्य उणीव अशी की मेमरीत चढलेलंच दिसतं. प्रोग्राम उघडायच्या आधीच बंद पडत असेल किंवा फाईल नुसती डिस्कवर पडून असेल, तर याच संचातलं सिगचेक वापरावं लागतं. ते काळ्या खिडकीत (कमांड प्रॉम्प्टमध्ये) चालतं, पण सही, आवृत्ती आणि किती बिटची हे एका दमात सांगतं. नावाच्या शेवटचं एक्स्टेंशन न बघता फाईल आतून काय आहे ते तपासायचं, तर सिगचेकचा '-ई' पर्याय त्यासाठीच आहे. .ओसीएक्स आणि .सीपीएल याही आतून डीएलएलच, आणि गडबड करणारी फाईल बऱ्याचदा असलंच काही नाव घेऊन बसलेली असते.