'आय ॲम क्यूबा'ची फोरके डिस्क: उरुसेव्हस्कीसाठी घ्या

जुने नावाजलेले पिक्चर डिस्कवर काढणाऱ्या क्रायटेरियन कंपनीने 2024 मध्ये 'आय ॲम क्यूबा'ची फोरके (4K) डिस्क काढली. ज्याला कॅमेऱ्याचं वेड आहे त्याने ती डोळे झाकून घ्यावी. दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव्ह, पण मी हा पिक्चर त्याचा कॅमेरामन सेर्गेई उरुसेव्हस्कीचा म्हणूनच बघतो, आणि प्रिंट इतकी स्वच्छ असल्यावर त्याने काय करून ठेवलंय ते खरंच कळतं.

त्याने काही भाग इन्फ्रारेड फिल्मवर शूट केलाय. त्यामुळे उसाची शेतं आणि ताडाची झाडं पांढरीफटक, आकाश मात्र जवळजवळ काळं. साध्या प्रिंटमध्ये हे सगळं करडं करडं होऊन जातं, इथे पानन् पान वेगळं दिसतं.

आणि तो अंत्ययात्रेचा शॉट! विद्यार्थ्याची शवपेटी खांद्यावर, रस्ता माणसांनी भरलेला, कॅमेरा गर्दीतून निघतो आणि बिल्डिंगच्या भिंतीलगत वर वर चढत गच्चीपर्यंत जातो, मग आडवा सरकून सिगार वळणाऱ्या कामगारांच्या खोलीत शिरतो, ते उठून खिडकीतून झेंडा खाली सोडतात आणि कॅमेरा त्याच खिडकीतून बाहेर पडून मिरवणुकीच्या डोक्यावरून तरंगत जातो, मध्ये एकही कट नाही. ड्रोन नव्हते, चालताना कॅमेरा न हलू देणारा स्टेडीकॅम नव्हता, 1964 चा पिक्चर आहे हा. हातात धरायचा हलका कॅमेरा, अतिशय वाइड लेन्स, एका ऑपरेटरने दुसऱ्याच्या हातात द्यायचा आणि शेवटी रस्त्यावर ताणलेल्या केबलला अडकवायचा, एवढ्यावर केलंय. मी रिमोट घेऊन पुन्हा पुन्हा मागे गेलो, सांधा काही सापडत नाही.

एक्स्ट्राजमध्ये अमेरिकन दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीची जुनी मुलाखत आहे, पण खरा माल म्हणजे व्हिसेंते फेराझची 2004 ची डॉक्युमेंटरी. तो क्यूबात जाऊन त्या वेळच्या युनिटमधल्या लोकांना भेटतो, आणि आपला पिक्चर बाहेर एवढा गाजलाय हे त्यांच्यातल्या कित्येकांना माहीतच नसतं. तेव्हा क्यूबातही आपटला होता आणि सोव्हिएत युनियनमध्येही. नव्वदच्या दशकात अमेरिकेत लोकांनी डोक्यावर घेतला, तोवर कालातोझोव्ह 1973 मध्ये आणि उरुसेव्हस्की 1974 मध्ये गेलेले. हे बघून मला फार वाईट वाटलं.

उरुसेव्हस्की हा माणूस मूळचा चित्रकलेतला, फावोर्स्कीसारख्या मोठ्या ग्राफिक आर्टिस्टकडे शिकलेला, युद्धात फ्रंटवर कॅमेरा चालवलेला. त्याने दिग्दर्शक चुखरायसाठी शूट केलेल्या 'द फॉर्टी फर्स्ट'मधलं वाळवंट रंगीत आहे, ते बघताना त्याचा चित्रकाराचा हात लगेच ओळखू येतो. कालातोझोव्हसोबतच केलेल्या 'द क्रेन्स आर फ्लाइंग'ला 1958 मध्ये कानमध्ये सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्यात नायिका व्हेरोनिका बसमध्ये असते, उतरते, गर्दीतून धावते, कॅमेरा तिच्यासोबतच उतरून धावतो आणि ती रणगाड्यांमधून रस्ता ओलांडते तेव्हा वर उचलला जातो. मला तर हा शॉट क्यूबावाल्यापेक्षा जास्त आवडतो, कारण इथे करामतीच्या आधी तिची घालमेल पोचते.

क्यूबामध्ये मात्र काही ठिकाणी माणसं मागे पडतात हे खरं आहे. चार गोष्टी आहेत, पण त्यातल्या पात्रांपेक्षा हॉटेलच्या गच्चीवरून खाली उतरून थेट स्विमिंग पूलच्या पाण्यात जाणारा कॅमेरा जास्त लक्षात राहतो. पुढे उरुसेव्हस्की स्वतः दिग्दर्शक झाला ते मला म्हणूनच साहजिक वाटतं, गोष्ट तो आधीपासूनच सांगत होता. किर्गिझ लेखक आयत्मातोव्हच्या कादंबरीवरचा 'बेग इनोखोद्त्सा' त्याने केला, किर्गिझ म्हातारा तानाबाय आणि त्याचा मरायला टेकलेला घोडा गुलसारी यांचा. नंतर येसेनिन कवीवर 'पोय पेस्न्यू, पोएट', त्यात कवी झालाय सेर्गेई निकोनेन्को. माझ्या मते घोड्याचा पिक्चर सरस आहे, कारण पळणं हीच तिथली गोष्ट आहे आणि पळणारा कॅमेरा त्याच्याइतका कुणालाच जमत नव्हता. कवीच्या पिक्चरमध्ये दृश्यं सुंदर आहेत पण माणूस हाताला लागत नाही, तिथे कालातोझोव्हसारखं कुणीतरी सोबत हवं होतं असं सारखं वाटतं.

हे दोन्ही पिक्चर या डिस्कवर नाहीत, वेगळे शोधावे लागतात. पण बघायचेच असतील तर आधी 'क्रेन्स', मग क्यूबा, मग घोडा, या क्रमाने बघा. आणि क्यूबा बघताना खोलीत पूर्ण अंधार करा, मोबाईलवर तर अजिबात बघू नका, त्या काळ्या आकाशाची सगळी मजा जाते.